धुऱ्यावरचा पाय

लग्न होऊन आले तेव्हापासून मी भासऱ्यांचा, म्हणजे नवऱ्याच्या थोरल्या भावाचा, चेहरा पाहिला नव्हता. आमच्याकडे भासरे समोर आले की पदर डोळ्यांखाली ओढायचा आणि बोलायचं नाही. मी तशीही कमीच बोलते. मला त्यांचे पाय माहीत होते. डाव्या पायाचं बोट अंगठ्यावर चढलेलं, नख काळं. ते पाय ओसरीवर दिसले की मी आत जायची.

सासऱ्यांनी वाटणी केली तेव्हा दोन भावांच्या वावरांमध्ये धुरा, म्हणजे बांध, घातला. विहीर आमच्या बाजूला आली, धुऱ्याला लागूनच. विहीर होती म्हणून आमच्याकडे हरभरा होत होता. सासरे गेले आणि भासऱ्यांच्या डोळ्यांत ती विहीर खुपू लागली. एका सकाळी त्यांनी ट्रॅक्टर आणला आणि शेंगा भरलेल्या आमच्या सोयाबीनात फाळ घातला. धुरा उलथून टाकला.

माझे मालक ट्रॅक्टरसमोर उभे राहिले.

"सरक, नाही त अंगावरून घालतो."

"घाल! बापानं आखला हाय हा धुरा. तुह्या एकट्याचाच बाप होता का?"

भासरे खाली उतरले. मी पदराखालून पाहत होते, म्हणून वर गेलेली लोखंडी सब्बल, ती जड पहार, मला दिसली नाही. ओली फांदी मोडावी तसा आवाज आला आणि मालक पाय धरून पडले. मग तो डावा पाय त्यांच्या मानेवर आला. तोंड चिखलात गेलं. चिखलातून बुडबुडे येत होते. मी धावले, तो पाय दोन्ही हातांनी ओढला. त्यांनी तो उचलला आणि माझ्या हातावर दिला, टाच फिरवून. ते चढलेलं बोट माझ्या डोळ्यांपासून वीतभर होतं. माझी दोन बोटं मोडली. ती अजून वाकत नाहीत. हे लिहितानाही ती पेनाच्या बाहेरच राहतात.

आम्ही तालुक्याला, नेरला, वकील पाहून दावा टाकला. भासऱ्यांनी सांगितलं, विहिरीचा पट्टा बापाच्या काळापासून मीच वाहतो, मध्ये धुरा कधी नव्हताच, आणि त्या दिवशी मी वावरात गेलोच नाही. मालकांशिवाय पाहणारी मी एकटी.

कोर्टाच्या ओट्यावर थोरली जाऊ म्हणाली, "मुकीले कायले आणलं वो? साक्ष काय इशाऱ्यानं देते?"

आत भासऱ्यांच्या वकिलानं विचारलं, "बाई, भासरे समोर असले की पदर कुठवर घेता?"

मी हात लावून दाखवलं.

"म्हणजे त्यांचा चेहरा पाहिलाच नाही?"

"नाही."

"मग मारणारे हेच, कशावरून?"

मागे लोक हसले. मालकांनी मान खाली घातली. भासऱ्यांनी त्या दिवशी बूट घातले होते. मी त्या बुटांकडे पाहत म्हणाले, "डाव्या पायाचं बोट अंगठ्यावर चढेल हाय. तो पाय माह्या हातावर होता."

भासऱ्यांनी डावा बूट उजव्यामागे ओढला. जजसाहेबांचं लक्ष तिकडे गेलं.

"वर पाहून सांगा," ते म्हणाले.

मी पदर मागे टाकला. समोर माझ्या मालकांचाच चेहरा होता. तेच नाक, तीच हनुवटी, फक्त म्हातारी. मला वाटलं होतं, काही वेगळं असेल.

"हेच," मी म्हणाले.

निकाल आमच्या बाजूनं लागला. पोलीस उभे राहिले, मोजणीवाल्यांनी दगड रोवले, विहीर आमच्याकडे राहिली. मालकांना आता नांगरामागे चालवत नाही. वावरात मीच जाते.

परवा धुऱ्यावरचं गवत कापत होते. पलीकडे पाय येऊन थांबले, अनवाणी. मी मान वर केली.

"पदर घे," भासरे म्हणाले. इतक्या वर्षांत ते माझ्याशी पहिल्यांदा बोलले.

मी त्यांच्या तोंडाकडे पाहत राहिले.

"घे म्हणतो ना! भासरा हाव मी तुहा." आणि त्यांनी डावा पाय उचलून आमच्या दगडावर ठेवला.

मी विळा दगडाला लागून मातीत मारला. पातं त्या बोटाजवळ अर्धं आत गेलं.

"पाय मांगं घ्या," मी म्हणाले.

त्यांनी घेतला.