आमचा संघ हरावा म्हणून

बर्फावरच्या हॉकीचा मी चाहता आहे, पण खेळ थांबतो तेवढ्यापुरताच. खेळ चालू असतो तेव्हा मला त्यात काडीचा रस नसतो. एक तर ती काळी रबरी चकती, जिला ते लोक पक म्हणतात, ती मला दिसतच नाही. चष्म्याचा नंबर बदलून झाला, टीव्ही मोठा घेऊन झाला, तरी नाही. सगळे खेळाडू एका बाजूला धावले की चकती तिकडे असणार, असा माझा अंदाज. मी वाट बघत असतो ती रेफरीच्या शिट्टीची. शिट्टी झाली, खेळाडू ढिले पडले, की मी सोफ्यावर पुढे सरकतो. कारण खेळ थांबला की कॉलेजचा बँड वाजायला लागतो. आणि बँड वाजायला लागला की कधी कधी, कॅमेरावाल्याला वाटलंच तर, तो प्रेक्षकांतल्या त्या कोपऱ्याकडे वळतो. तिथे पिवळी टोपी घालून आमची लेक ड्रम वाजवत असते.

दोन सेकंद दिसते. त्यासाठी मी वर्षाची वर्गणी भरली आहे.

अमेरिकेतल्या त्या गोठलेल्या गावात ती शिकायला गेली तेव्हा तिथे हॉकी खेळतात हे आम्हाला ठाऊक नव्हतं. तिलाही नव्हतं. पण कॉलेजच्या बँडला ड्रम वाजवणारी हवी होती आणि हिचे हात दुबईतल्या आमच्या मंडळाच्या ढोल-ताशा पथकात तयार झालेले. त्या पथकाला सरावासाठी जागा कोण देणार? इमारतीत ताशा वाजला तर पाच मिनिटांत पोलीस. शेवटी आमच्या खालच्या मजल्यावरचे भाईजान पुढे आले. हे मूळचे रत्नागिरीच्या किनाऱ्यावरचे, धंदा टाइल्सचा. रास अल खैमाहून माल आणायचा आणि रास अल खोरच्या गोडाउनमधून विकायचा. त्या गोडाउनात, फरशांच्या खोक्यांमध्ये, आमची पोरं वाजवायची आणि भाईजान दारात खुर्ची टाकून बसायचे. "भाऊ, तुमच्या पोरीच्या तर्रीनं माझी इटालियन डिझाइनची दोन खोकी तडकली," असं ते अजून सगळ्यांना अभिमानानं सांगतात. तर्री म्हणजे ताशावर दोन्ही काड्यांनी पाडलेला सलग पाऊस. तीच ती आता तिकडच्या ड्रमवर पाडते.

पहिल्या वर्षी मी चाहता म्हणून जे दिवे लावले ते आमच्या नातेवाइकांत अजून सांगितले जातात. कॅमेरा बँडवर आला, मी झटकन टीव्हीचा फोटो काढला आणि फॅमिली ग्रुपवर टाकला. खाली लिहिलं, 'आमची वाघीण!' पुण्याहून साठ अंगठे आले. माझ्या मोठ्या बहिणीनं तर फोटोसमोर मीठ-मोहऱ्या ओवाळून दृष्ट काढली आणि त्याचाही फोटो टाकला. संध्याकाळी लेकीचा मेसेज आला: "बाबा, दॅट्स अ बॉय. ही प्लेज द ट्रम्पेट."

त्या पोराची दृष्ट मात्र नीट निघाली असणार. त्या मोसमात तो बराच दिसला.

हे सगळं हसण्यावारी चाललं होतं, ते यंदाच्या वर्षापर्यंत. यंदा मी साठीचा झालो आणि कंपनीनं प्रेमानं निरोप दिला. इथे नोकरी संपली की माणूसच संपतो. माझा व्हिसा रद्द म्हणजे बायकोचा रद्द, लेकीचाही रद्द. डिस्कव्हरी गार्डन्समधलं घर सोडायचं आणि पुण्याला जायचं. लेक याच घरात रांगली, इथेच तिचे दात पडले. घर भाड्याचं होतं हे तिला बरीच मोठी झाल्यावर कळलं, तेव्हा ती दोन दिवस रुसली होती. आता आमची एकच इच्छा होती. किल्ल्या द्यायच्या आधी तिनं एकदा यावं आणि तिघांनी इथे शेवटचे चार दिवस राहावं. बाकी सामान काय, जाईल तिकडे जाईल.

"सीझन संपला की येते," ती म्हणाली. "वी विल लूज अर्ली, बाबा. डोन्ट वरी."

त्यांच्या राष्ट्रीय स्पर्धेत सोळा संघ असतात. हरला तो घरी. म्हणजे संघ हरला की लेक विमानात. इतकं सोपं गणित मला आयुष्यात कोणी घातलं नव्हतं. तिकीट काढलं, एक आठवडा क्लास बुडवायचं तिनं कबूल केलं, आणि मी जन्मात पहिल्यांदा चकतीकडे लक्ष द्यायला लागलो.

पहिला सामना ते जिंकले. ठीक आहे, म्हटलं, पोरांचा उत्साह. दुसरा आमच्या जेवणाच्या वेळी होता. भाईजान वर आलेले, बायकोनं त्यांच्यासाठी कोळंबीभात केलेला. तोही जिंकले. भाईजान ताट सोडून उभे राहिले, उष्ट्या हातानंच मला मिठी मारली. मी हसलो, पण ते हसू कसं दिसलं असेल देव जाणे, कारण बायकोनं विचारलं, "अहो, जिंकलो ना आपण?"

थोड्या वेळानं फोन वाजला. तिकडे नुसता गोंगाट. "बाबा! वी आर इन द लास्ट फोर! बँडलापण नेतायत! विमानानं!"

"अरे वा," मी म्हणालो. "आणि तिकीट?"

ती गोंगाटातून जरा बाजूला गेली. मग म्हणाली, "सेमीफायनलमध्ये समोर नंबर वन टीम आहे. हरूच आम्ही. तिथून थेट विमानतळावर जाईन. शनिवारी रात्री घरी. प्रॉमिस."

रविवारी सकाळी किल्ल्या द्यायच्या होत्या. मी इमारतीच्या ऑफिसात जाऊन एक आठवडा वाढवून मागितला. टेबलामागच्या माणसानं नव्या भाडेकरूचा करार दाखवला आणि म्हणाला, "हबीबी, पुढचे लोक सामान बांधून बसलेत." म्हणजे चार दिवसांची एक रात्र झाली होती. तीही त्या नंबर वन टीमच्या हातात. मी त्या टीमच्या गोलकीपरची माहिती शोधून वाचली. मुलगा उत्तम होता. मला फार आवडला.

तोवर घर रिकामं होत चाललेलं. सोफा तीनशे दिरहमला गेला, म्हणजे सात हजार रुपये. बायको म्हणाली की एवढ्यात पुण्यात त्याचं कव्हर शिवून मिळेल. जेवणाचं टेबल गेलं, कपाटं गेली. लेकीचा पलंग मी कुणालाच दाखवला नाही. गिऱ्हाईक आलं की तिच्या खोलीचं दार लावून घ्यायचो. बायकोनं त्यावर धुतलेली चादर घातली होती. उशीला तिचा जुना अभ्रा.

सेमीफायनल इथल्या शुक्रवारी पहाटे आली. भाईजान मशिदीतून फजरची नमाज आटपून थेट वर आले. हातात सुलेमानी चहाचा थर्मास. सोफा नसल्यामुळे तिघंही चटईवर, टीव्ही जमिनीवर. "अल्ला करो, पोरीची टीम जिंको," भाईजान म्हणाले. बायको हात जोडून बसली. मी म्हणालो, "इन्शाल्ला." इथल्या ऑफिसांत 'इन्शाल्ला' म्हणजे 'हे काही व्हायचं नाही' असंही असतं. मी मनात तेच धरलं.

आणि नंबर वन टीमनं पहिल्या दहा मिनिटांत गोल केला.

"गोल!" मी टाळी वाजवली.

भाईजाननी माझ्याकडे वळून पाहिलं. "भाऊ, हा त्यांचा."

"हो का? मला कुठे चकती दिसते?"

आमच्या संघानं बरोबरी केली तेव्हा मी योग्य तो आनंद दाखवला. पण त्यांनी पुन्हा गोल केला आणि माझ्या तोंडातून 'शाब्बास' निघून गेलं. रिकाम्या हॉलमध्ये ते असं घुमलं की लपवायला जागाच उरली नाही. भाईजाननी थर्मासचं झाकण लावलं.

"चष्म्याचा प्रॉब्लेम नाय हा," ते म्हणाले. "तुम्ही दुसऱ्या पार्टीत आहात."

मी सगळं सांगितलं. हरले तर उद्या रात्री ती इथे, जिंकले तर नाही. कधीच नाही, या घरात तरी. भाईजाननी दाढीवरून हात फिरवला. मग म्हणाले, "आधी बोलायचं ना. मी दुआ मागून बसलो. आता परत कशी घेऊ?" आणि मांडी बदलून, जरा हळू आवाजात: "हरू दे मग. काय बिघडतं? पुढल्या वर्षी जिंकतील."

अशा रीतीनं दोन म्हातारे मिळून आपल्याच संघाच्या पराभवाची वाट बघायला लागले. तिसरं, शेवटचं सत्र संपत आलं. आम्ही एका गोलनं मागे. मी मनात विमानतळाच्या पार्किंगपर्यंत पोहोचलो होतो.

तेवढ्यात शिट्टी झाली आणि कॅमेरा बँडकडे वळला. या वेळी ट्रम्पेटवाल्याकडे नाही. थेट तिच्याकडे. कॅमेरावाल्याला रडवेला चेहरा हवा असणार, आणि तो त्याला मिळाला. दोन्ही काड्या हनुवटीखाली धरलेल्या, टोपी मागे सरकलेली, डोळे काठोकाठ. इतका वेळ तिला कधी दाखवलं नव्हतं. लहानपणी पथकात तिला एकदा मागच्या रांगेत टाकलं होतं, तेव्हाचा तो चेहरा.

"बघा," बायको म्हणाली. "बघा दोघं, काय मागताय ते."

आमच्या प्रशिक्षकानं गोलकीपरला बाहेर बोलावलं. शेवटच्या मिनिटांत असं करतात, त्याच्या जागी एक जास्तीचा खेळाडू आक्रमणाला. मागे जाळं उघडं. आणि व्हायचं तेच झालं. समोरच्या एकानं चकती हिसकावली आणि लांबूनच आमच्या उघड्या जाळ्याकडे ढकलली. मोकळ्या, पांढऱ्या बर्फावरून ती एकटीच घसरत निघाली आणि मला ती स्वच्छ दिसली. सगळा मोसम न दिसलेली चकती. ती आत गेली की लेक उद्या घरी.

"नको!" मी ओरडलो. "नको, नको, नको!"

चकती खांबाला लागून बाहेर गेली.

मग आमच्या पोरांनी बरोबरी केली, जादा वेळेत जिंकलेही. ते मला नीट आठवत नाही. भाईजान मला गदागदा हलवत होते एवढं आठवतं. "तुम्हीच ओरडलात, भाऊ! माझी दुआ नाय, तुम्ही ओरडलात!" टीव्हीवर बँड पिसाटला होता आणि त्या सगळ्या पितळी गोंगाटातून अचानक ती निघाली, सलग, करकरीत, गोडाउनातली तर्री. भाईजाननी बोट वर केलं. "ऐका. फुटलं एक खोकं."

मी मागे वळलो तर बायको चटईवर नव्हती. लेकीच्या खोलीत जाऊन तिनं पलंगावरची चादर काढली होती आणि घडी घालत होती. मी दुसरं टोक धरायला गेलो. "राहू द्या," ती म्हणाली. "जमतंय मला." शनिवारी पलंग खालच्या मजल्यावर गेला, टीव्हीही. भाईजान पैसे देत होते, आम्ही घेतले नाहीत.

अंतिम सामना रविवारी पहाटे झाला. ज्या दिवशी जिंकायला माझी काहीच हरकत नव्हती त्या दिवशी आमचे वीर सडकून हरले. मी फोनवर फक्त गुण बघत होतो. सकाळी इथल्या कॉलिंग ॲपवर तिचा व्हिडिओ कॉल आला. आवाज बसलेला, नाक लाल.

"बाबा, घर दाखव ना," ती म्हणाली. चक्क एकही इंग्रजी शब्द न घालता.

मी फोन हातभर लांब धरला आणि निघालो. हॉल दाखवला, सोफ्याच्या पायांचे फरशीवरचे चार पिवळे ठसे दाखवले. स्वयंपाकघर, खिडकीतली तिची तुळस, जी आता खाली चाललीय. बाल्कनीतून ती बाग, जिथे मी सायकल शिकवताना तिच्याऐवजी स्वतःच पडलो होतो. मग तिची खोली. ड्रमचा आवाज शेजाऱ्यांना जाऊ नये म्हणून मी भिंतीला फोम चिकटवला होता, तो काढल्यावर राहिलेले गोंदाचे डाग. "यांचे पैसे डिपॉझिटमधून कापणार आहेत बघ." ती नुसतं "हं" करत होती. एक-दोनदा म्हणाली, "बाबा, स्लोली. हळू." मी हळू झालो. प्रत्येक कोपऱ्याची गोष्ट सांगितली, काही दोनदा.

दारावर टकटक झाली. इमारतीचा माणूस किल्ल्या घ्यायला आला होता. निरोप घ्यावा म्हणून मी फोन जवळ आणला तेव्हा पडद्याच्या कोपऱ्यातल्या चौकटीकडे लक्ष गेलं. त्यात माझंच नाक होतं. कॅमेरा उलटा करायला विसरलो होतो. सबंध घर फिरवून मी तिला फक्त माझा चेहरा दाखवला होता.

"अगं, सांगायचं नाही का? थांब, पहिल्यापासून दाखवतो."

"सर, यल्ला, लवकर," इमारतीचा माणूस म्हणाला आणि नळ तपासायला आत शिरला.

"नको, बाबा," ती म्हणाली. "असाच धर."

तो सगळ्या खोल्यांतले दिवे, नळ, बिजागऱ्या बघून परत येईपर्यंत मी फोन तसाच धरून उभा राहिलो.