आईचा वेळ धरला तेव्हा

माझी शाळा चौथीपर्यंत झाली. तेवढ्यात एक धडा मला नीट समजला होता. आवाज भरलेल्या जागेत वेळ हळू चालतो. हे इथे सगळ्यांनाच ठाऊक आहे. हिंगण्याच्या कंपनीतून सुटलेली माणसं गेटवरच घड्याळं पुढे करून घेतात. माझे मालकही तिथे पत्रा ठोकणाऱ्या मशीनवर आहेत. त्यांचे केस अजून काळे आहेत. मी घरात असते आणि फारशी बोलत नाही, त्यामुळे माझे कधीच पिकले.

साध्या गोंगाटानं वेळ थोडाच मागे पडतो. पण माणसाचा स्वतःचा सूर सापडला आणि तो खोलीत न तुटता घुमत राहिला, तर वेळ जवळजवळ थांबतो. म्हणून घरचं माणूस जायला निघालं आणि कोणी दूरगावी असलं, की आमच्याकडे वेळ धरतात. खिडक्या लावायच्या, फटीत चिंध्या कोंबायच्या, आणि रक्तातल्या ज्याचा सूर जुळतो त्यानं पाणी भरायच्या पितळी गुंडाच्या तोंडाशी तोंड नेऊन तो लावायचा. श्वास घेईपर्यंत गुंडाचं घुमणं पुरतं. बोलायला पुरत नाही. आणि ज्याचा वेळ धरतात त्याला सांगत नाहीत. सांगितलं की जीव घाबरतो आणि सूर हलतो.

आई वाडीला माझ्याजवळच राहायची. डॉक्टर म्हणाले, संध्याकाळ निघणं कठीण. ताई सुरतेहून गाडीत बसली होती, पण ती पोचणार दुसऱ्या दिवशी. ताईचा सूर बाबांवर गेलेला. आईचा माझ्याकडे आला.

शेजारच्या काकू गुंड घासून घेऊन आल्या.

“मले नाही जमत, काकू. लोकं आयकतील.”

“कोण आयकते वं? दार बंद राहीन. साऱ्या जिंदगीत गल्लीनं तुहा आवाज आयकला नाही. आता आईसाठी तरी काढ.”

त्यांनी बाहेरून दार ओढून घेतलं. मी गुंड मांडीत धरला आणि सूर लावला. पहिल्यांदा थरथरला, मग बसला. रस्त्यावरच्या ट्रकचा आवाज बारीक होत होत बंद झाला. वरच्या काचेतला उजेड बघता बघता गेला, आणि थोड्या वेळानं परत आला.

आई जागी झाली. तिच्या डोळ्यांत मोतीबिंदू होता, तिला मी फक्त सावलीसारखी दिसत असेन. आणि आपलाच सूर आपल्याला ऐकू येत नाही, तो कानाला शांतताच वाटतो.

“तूच हायेस ना वं?” ती म्हणाली. “बोल ना माह्याशी.”

मी सूर धरून होते.

“काहून बोलत नाहीस? रागावली का माह्यावर? तुले शाळेतून काढलं म्हणून?”

इतक्या वर्षांत ती हे पहिल्यांदा बोलली. माझे दोन्ही हात गुंडाला होते. मी पाय लांब करून तिच्या पायाला लावला. तिनं पाय ओढून घेतला.

“मांजर शिरली वाटते,” ती म्हणाली. मग भिंतीकडे तोंड करून पडली.

माझ्या तोंडात शब्द आले होते. पण सूर तुटला असता तर ताई गाडीतच राहिली असती.

दार उघडलं. ताई आत आली, तिच्यामागून ट्रकचे हॉर्न आले आणि वेळ सुटला. ताईनं आईचं डोकं मांडीवर घेतलं. आईनं तिला ओळखलं, तिच्या पोरांची चौकशी केली. मग म्हणाली, “लहानी माह्याशी बोलली नाही वं. राग हाये तिले.”

मी “नाही, आई” म्हणायला तोंड उघडलं. गळ्यातून नुसती हवा आली.

“ती कधी कोणाशी बोलते?” ताई रडता रडता म्हणाली. “तू नको मनावर घेऊ.”

ताईनं आणलेलं पाणी दोन घोट पिऊन आई गेली.

तेरवीला सगळे म्हणत होते, लहानीनं मोठं काम केलं, मायलेकीची भेट करून दिली. ताईनं मला सगळ्यांसमोर जवळ घेतलं. तोपर्यंत माझा आवाज परत आला होता. पण मी ताईला काही सांगितलं नाही. ती भेट तिची होती, तिच्यात मला मीठ टाकायचं नव्हतं.

शाळेचा राग मला आला होता, खूप लहानपणी. नंतर तो कधी गेला ते कळलंही नाही. तो गेला, एवढंच आईला सांगायचं होतं.