पल्याडची बाजू

निकमबाईंशी माझी पहिली भेट त्यांच्या दारात झाली. गारखेड्यातल्या त्या इमारतीत आम्ही नुकतेच राहायला आलो होतो आणि मी विरजण मागायला वरच्या मजल्यावर गेले होते. दार उघडलं तर समोर उंच, सावळ्या, साठीला टेकलेल्या बाई उभ्या. अंगावर कडक इस्त्रीची सुती साडी आणि साडीखाली पांढरे कॅनव्हासचे बूट. नाव-गाव विचारायच्या आधी त्या म्हणाल्या, "डाव्या गालाला पीठ लागलंय."

मी गाल पुसला.

"तो उजवा."

मी गोंधळले. त्या समोर उभ्या, म्हणून मी त्यांच्या डावीकडचा गाल पुसला होता.

"गाल कुणाचा आहे? तुझा ना? मग डावासुद्धा तुझाच. माझा कसा होईल?" असं म्हणून त्या विरजण आणायला आत गेल्या. मी दारात उभी राहून दोन्ही गाल पुसत राहिले.

डॉ. सुमन निकम. मूळच्या पिशोरच्या, शेतकरी घरातल्या. शहरातल्या एका मेडिकल कॉलेजात त्यांनी आयुष्यभर शरीररचना शिकवली, निवृत्त झाल्यावरही नर्सिंगच्या मुलींना शिकवायला जात होत्या. यजमान लवकर गेले, मुलगा अमोल बंगळूरला नोकरीला. घरात त्या एकट्याच, पण जिना कधी शांत नसायचा. पिशोरहून त्यांचे धाकटे भाऊ दत्ताराव शेतातल्या आल्याची पोती पाठवायचे आणि मग आठवडाभर सगळ्या इमारतीला आल्याचा वास. बाई प्रत्येक घरात जाऊन आलं वाटायच्या आणि जाता जाता काहीतरी दुरुस्त करून यायच्या. कुणाचं बसणं, कुणाचं चालणं, कुणाचं बोलणं.

डावं-उजवं हा तर त्यांचा हट्टच होता. पेपरातल्या फोटोखाली "डावीकडून" असं लिहिलेलं दिसलं की त्या पेपर घेऊन खाली यायच्या. "कुणाच्या डावीकडून? बघणाऱ्याच्या का त्या माणसांच्या? तुमच्या धंद्यात कुणी विचारत नाही का गं हे?" माझा धंदा म्हणजे औरंगपुऱ्यातल्या एका छापखान्यात मुद्रितशोधन. नाही, असं कुणी विचारत नव्हतं. पण त्यांनी विचारल्यापासून मला प्रत्येक फोटोपाशी अडखळायला व्हायचं.

याच धंद्यामुळे त्यांचं नर्सिंगच्या मुलींसाठीचं मराठी पुस्तक माझ्याकडे तपासायला आलं. मेंदूच्या प्रकरणात एक वाक्य होतं: मेंदूच्या उजव्या भागाला इजा झाल्यास शरीराची डावी बाजू लुळी पडते. मी समासात पेन्सिलीनं प्रश्नचिन्ह काढलं आणि लिहिलं, "बाजू चुकली आहे का?"

संध्याकाळी बाई ते पान हातात घेऊन आल्या आणि आमच्या सोफ्यावर बसून डोळ्यांतून पाणी येईस्तोवर हसल्या.

"चुकली नाही गं. देवानंच तशी छापलीय. याला म्हणतात कॉन्ट्रालॅटरल. म्हणजे पल्याडच्या बाजूचं."

"म्हणजे डावं?"

"नाही. उजव्याला पल्याडचं डावं, आणि डाव्याला पल्याडचं उजवं."

"मग नेमकं कुठलं?"

"तेच तर! हा शब्द एकटा काही सांगतच नाही. कशाच्या पल्याड, ते आधी सांगावं लागतं." मग माझा चेहरा बघून त्या म्हणाल्या, "असं बघ. व्याही कोण?"

"मुलीचा सासरा. नाहीतर सुनेचा बाप."

"म्हणजे तुझ्या घरातला का त्यांच्या?"

"त्यांच्या."

"आणि त्यांच्या दृष्टीनं व्याही कोण?"

"आम्ही."

"झालं! व्याही नावाचा माणूस कुठल्या एका घरात राहत नाही. तू कुठल्या घरात उभी राहून बोलतेस त्याच्यावर आहे. तसं कॉन्ट्रालॅटरल. आणि त्याच घरातला तो इप्सिलॅटरल, त्याच बाजूचा."

हे मला कळलं, असं निदान तेव्हा वाटलं. पण बाई तिथं थांबल्या असत्या तर ना. "लहान मेंदूचं मात्र उलटं हं. तिथं उजव्याला लागलं तर उजवाच हात थरथरतो. तिथली वाट दोनदा ओलांडते. रस्ता दोनदा ओलांडला की माणूस परत घरच्याच बाजूला येतो."

"पण मुळात एकदा तरी का ओलांडायचा?"

"ते मलाही माहीत नाही," त्या म्हणाल्या. "बरेच जण बरंच काही सांगतात. मला काही पटलेलं नाही." वर्गातही त्या असंच सांगत असणार. 'माहीत नाही' हे त्या अगदी ताठ मानेनं म्हणायच्या.

दोन वर्षांपूर्वीच्या हिवाळ्यातली गोष्ट. सकाळी बाई पेपर न्यायला खाली आल्या नाहीत, म्हणून मी तो द्यायला वर गेले. दार नुसतं लोटलेलं होतं. त्या टेबलापाशी बसून चहा पीत होत्या आणि चहा ओठाच्या एका कोपऱ्यातून हनुवटीवर, तिथून साडीवर ओघळत होता. डावा हात समोरच्या पोह्यांच्या ताटलीत पडला होता, जसा काही कुणी विसरून गेलेला. पायात एकच बूट होता.

"बाई, दुसरा बूट?"

"घातलाय की." जीभ जड झाली होती, पण आवाजात शिक्षिकेचीच जरब. "मुली वाट बघत असतील. मला उशीर होतोय."

"बाई, तुम्हाला काहीतरी होतंय. आपण दवाखान्यात जाऊ."

"मला काहीही झालेलं नाही. डॉक्टर मी का तू?"

डॉक्टर त्याच होत्या. मी एक मुद्रितशोधक, मला स्वतःचा डावा गाल सापडत नाही. दोन क्षण मला खरंच वाटलं की आपलंच चुकतंय, त्यांना कळत असणार. मग कुठंतरी ऐकलेलं आठवून मी म्हटलं, "बाई, दोन्ही हात वर करून दाखवता?"

त्यांनी उजवा हात वर केला. डावा पोह्यांतच राहिला.

"दोन्ही, बाई."

"केले की दोन्ही," त्या चिडून म्हणाल्या. "दिसत नाही का तुला?"

मी धावत खाली जाऊन नवऱ्याला बोलावलं. त्यानं आणि वॉचमननं त्यांना खुर्चीसकट जिन्यानं उतरवलं. सबंध रस्ताभर त्या आम्हाला रागावत होत्या.

दवाखान्यात लगेच मेंदूचे फोटो काढले. मेंदूच्या उजव्या बाजूला रक्तस्राव झाला होता. कवटी उघडून गुठळी काढावी लागेल, वेळ घालवू नका, असं तिथल्या तरुण सर्जननं सांगितलं. तोवर बाई गुंगीत जायला लागल्या होत्या. अमोलला विमान मिळून यायला संध्याकाळ होणार होती. त्यानं फोनवर होकार दिला, पण सही करायला जवळचं माणूस हवं होतं, आणि ते होते दत्ताराव. दुपारच्या आत ते पिशोरहून जीपनं येऊन पोचले. धोतर, डोक्याला रुमाल, धाप लागलेली. बहिणीला बघून आले, तिचा लुळा हात दोन्ही हातांत धरून बघितला, आणि बाहेर येऊन मला बाजूला घेतलं.

"ताई, तुमी शिकलेल्या. मला खरं सांगा. आक्काचा हात डावा गेलाय का नाय?"

"डावाच."

"आन् पाय?"

"डावा."

"मग ह्ये डोकं उजव्या अंगानं कामून उघडायलेत?" त्यांचा आवाज चढला. "ह्यांनी दुसऱ्याच कुनाचा फोटो आनलाय. मी सही करनार नाय. आक्काला दुसरीकडं हलवतो."

सर्जन आले. "मामा, ते कॉन्ट्रालॅटरल असतं," ते घाईत म्हणाले. त्या शब्दानं दत्तारावांचा संशय आणखीच पक्का झाला. सर्जननं बोटानं हवेत फुलीसारख्या दोन रेघा काढून दाखवल्या. दत्ताराव नुसतेच त्या बोटाकडे बघत राहिले. एक नर्स घड्याळाकडे बघत होती.

मला बोलायचं नव्हतं. मला स्वतःलाच पुरतं कळलेलं नव्हतं. त्यातून लहान मेंदूचं उलटं असतं, एवढं नेमकं आठवत होतं आणि हा लहान का मोठा ते ठाऊक नव्हतं. मी सर्जनना तेच विचारलं. "मोठा," ते म्हणाले, आणि माझ्याकडे जरा चमकून बघितलं.

"दत्ताराव," मी म्हटलं, "हे मला बाईंनीच सांगितलं होतं. आपला व्याही आपल्या घरात राहतो का?"

"व्याही? आता व्याही कुठून आला मधीच?"

"राहतो का?"

"नाय. त्याच्या घरी ऱ्हातो."

"तसं डाव्या हाताचं आहे. त्याचा मालक पल्याडच्या घरात आहे. उजवीकडं. तिथं बिघाड झाला की हात इकडचा पडतो."

"म्हंजी इकडचा कारभार तिकडून चालतो?"

"हो."

"आन् तिकडचा इकडून?"

"हो."

"असं कामून करून ठेवलंय?"

"ते बाईंनाही माहीत नव्हतं. मी विचारलं होतं त्यांना."

का कुणास ठाऊक, या उत्तरानं त्यांचा विश्वास बसला. "व्हय, आक्का तसंच म्हनती," ते पुटपुटले. "म्हाईत नसलं की नाय म्हनून सांगती." मग सर्जनकडे वळून त्यांनी विचारलं, "उजवं अंग कुनाचं? तुमचं का तिचं?"

"त्यांचं," सर्जन म्हणाले. दत्तारावांनी सही केली आणि तिथंच भिंतीला टेकून खाली बसले. ऑपरेशन चालू होतं तोवर मी मनातल्या मनात व्याही इकडून तिकडे नेत होते. चुकून मी त्यांना चुकीचंच पटवून दिलं असलं तर? प्रत्येक वेळी उत्तर वेगळं यायचं.

बाई वाचल्या. हळूहळू बोलू लागल्या, अमोलला ओळखू लागल्या, नर्सला "सुई नीट धर" म्हणून दटावू लागल्या. पण जगाची डावी बाजू त्यांच्यापुरती उरली नव्हती. ताटातलं उजवीकडचं जेवायच्या आणि "कोशिंबीर का वाढली नाही?" म्हणून रागवायच्या. ताट फिरवून दिलं की कोशिंबीर खायच्या. डावीकडून हाक मारली तर उजवीकडे शोधायच्या. एकदा त्यांनी मला हळूच जवळ बोलावलं. "माधुरी, हा कुणाचा हात इथं ठेवलाय बघ जरा. मघापासून माझ्याजवळच आहे. कुणी बाई विसरून गेली असेल."

तो त्यांचाच हात होता. बोटात त्यांचीच अंगठी होती. मी तो हात पांघरुणाखाली घातला.

एका दुपारी मला राहवलं नाही. "बाई, कॉन्ट्रालॅटरल म्हणजे काय हो? मी विसरले."

त्यांचे डोळे लकाकले. "पल्याडच्या बाजूचं. कशाच्या पल्याड ते आधी सांगायचं."

"उजव्या मेंदूला इजा झाली तर?"

"डावी बाजू जाते."

"तुमच्या कुठल्या मेंदूला झाली?"

"उजव्या. अमोलनं फोटो दाखवला ना मला. चांगली मोठी गुठळी होती."

"मग तुमची डावी बाजू?"

"ती?" त्या सहज म्हणाल्या. "ती अगदी छान आहे."

एकही शब्द चुकला नव्हता. वाक्यामागून वाक्य बरोबर येत होतं आणि शेवटचं वाक्य कुठंतरी रस्ता न ओलांडता तसंच उभं राहिलं होतं. मी अमोलकडे बघितलं. तो खिडकीबाहेर बघत होता. मी घरी आले आणि कितीतरी वेळ विचार करत बसले, की माणसाला एखादी गोष्ट माहीत आहे असं आपण म्हणतो, म्हणजे नेमकं काय म्हणतो? अजून मला ते सांगता येत नाही.

अमोल त्यांना बंगळूरला न्यायला तयार होता, पण दत्ताराव म्हणाले, "तिथं दिवसभर कोन बसंल तिच्यापाशी? आमच्याकडं धा मानसं हायेत." बाईंचं सामान बांधलं. व्यायाम करून घेणाऱ्या मुलीनं मला बजावलं होतं की त्यांच्याशी नेहमी डावीकडून बोलायचं, म्हणजे हळूहळू तिकडे लक्ष जाईल. म्हणून निघायच्या दिवशी, बाईंना गाडीत पुढच्या सीटवर बसवल्यावर, मी दाराशी त्यांच्या डावीकडे उभी राहिले. खिडकीतून हात घालून त्यांच्या खांद्यावर ठेवला. बोलले. अमोल मागच्या सीटवर पिशव्या लावत होता, दत्ताराव वॉचमनचा निरोप घेत होते, आणि मी बोलत होते: जिना आता कसा सुना होईल, पुस्तकाची दुसरी आवृत्ती मीच तपासणार, उन्हाळ्यात पिशोरला येऊन जाईन. बाई समोरच्या काचेतून उजवीकडे, रिकाम्या फाटकाकडे बघत होत्या.

"बाई," मी म्हटलं. "बाई, इकडे बघा ना."

त्या फाटकाकडेच बघत राहिल्या. चेहरा कासावीस झाला होता. कुणाची तरी वाट बघत असल्यासारखा.

दत्ताराव माझ्या मागे येऊन उभे होते. "ताई," ते हळू आवाजात म्हणाले, "आज ऱ्हाऊ द्या शिकवनं. तिकडून या."

मी गाडीला वळसा घालून पलीकडे गेले आणि ड्रायव्हरच्या सीटवर टेकून त्यांच्या उजव्या हाताला बसले. बाईंची नजर माझ्यावर पडली आणि चेहरा एकदम मोकळा झाला. त्यांनी माझा हात घट्ट धरला.

"अगं, होतीस कुठं इतका वेळ?" त्या म्हणाल्या. "मला वाटलं, न भेटताच जावं लागतंय."

"आत्ताच आले, बाई," मी म्हटलं.