सेइकिचीच्या हातचं गवत

आमच्या गावच्या देवळाच्या तोरीवर, म्हणजे त्या लाल लाकडी कमानीवर, दरवर्षी नववर्षासाठी देवाचा नवा गवती दोर चढतो. चाळीस वर्षं तो ताझुएवहिनींनी वळला. यंदा नववर्षाला बारा दिवस उरले असताना त्यांचा नवरा सेइकिची गेला. सुतक पन्नास दिवसांचं. तोवर कमानीखालून जायचं नाही, दोराला हात लावायचा नाही.

हे वहिनींनी मुकाट्याने मानलं. पण देवळाचे कारभारी कुमागाई म्हणाले, "गवतही नको. मेलेल्याच्या हातचं आहे. मी नायलॉनचा दोर मागवलाय."

मग मात्र बाई पेटल्या. ते गवत उन्हाळ्यात हिरवं असताना सेइकिचीनेच कापलं होतं आणि शेजारी माझ्या माळ्यावर वाळत टाकलं होतं. त्याची ती शेवटची कापणी.

दुसऱ्या दिवशी कमानीबाहेर, भर रस्त्यात, वहिनी स्टूल टाकून बसल्या. मला म्हणाल्या, "गवत आण. आणि गावातले ते चौघे रिकामटेकडे पण आण."

कुमागाई धावत आले. "वहिनी, लोक काय म्हणतील? घरी बसा!"

"कापलं तेव्हा माणूस धडधाकट होता, भावजी. तुमच्यासोबत साके ढोसत होता."

"पण सुतक..."

"हातांना आहे. जिभेला नाही. मी कमानीच्या आत पाऊल टाकलंय का? नाही ना? मग सरका, ऊन अडवताय."

मी आणि ते चौघे कमानीच्या आत बसून वळायला लागलो. रोजचा दोर उजवीकडे वळतो, देवाचा डावीकडे. हात काही ऐकेनात.

"उलटं! उलगडा!" बाहेरून आवाज यायचा. तीनदा उलगडायला लावलं. माझ्या तळव्यांची सालं निघाली आणि मनातल्या मनात मी त्यांना शिव्या घातल्या, खोटं कशाला सांगू?

चौथ्यांदाही दोर गाठाळलाच. तेव्हा कुमागाईंनी कोट काढला, गवतावर शुद्धीची कागदी झालर हलवली आणि आमच्यात मांडी घालून बसले. "डावा हात वर, वहिनी?"

"वर. आणि जरा दम लावून. भजी तळताय का?"

संध्याकाळी दोर चढला. जरा वाकडाच. आम्ही आत टाळ्या वाजवून नमस्कार केला. वहिनींनी नाही केला, सुतकात करत नाहीत. त्या बाहेरूनच वर बघत राहिल्या आणि म्हणाल्या, "छान कापलंस रे."