रूपालीचा पैरा

आमच्या साताऱ्याच्या ऑफिसात कुणी नवीन आलं की त्याला सकाळी पासवर्ड मिळतो आणि चहाच्या वेळी किस्से. पासवर्ड दर थोड्या दिवसांनी बदलावे लागतात. किस्से तेच राहतात, वर त्यात भर पडते. त्यातले निम्मे एकट्या रूपालीचे. मी वाईचा, गप्पांना मला निमित्त लागत नाही. पण तिच्याबद्दल सांगताना मी पदरचा शब्द घालत नाही, कारण तशी गरजच पडत नाही!

आम्ही साखर कारखान्यांसाठी सॉफ्टवेअर करतो. उसाची गाडी काट्यावर आली की वजन, पावती, शेतकऱ्याच्या नावावर नोंद, सगळं आमच्या प्रोग्रॅममधून होतं. रूपाली आणि मी एकाच दिवशी रुजू झालो. मी पुण्यात शिकून आलेलो, ती आटपाडीकडची, माहेरी मेंढरं. पहिल्याच दिवशी मी ऐटीत तिला म्हणालो, काही अडलं तर विचार हं. तिने मान हलवली. अजून विचारलेलं नाही!

*

पहिल्याच हंगामात एका कारखान्याची तक्रार आली. काही गाड्यांच्या वजनात साधारण एका माणसाएवढा फरक पडतोय म्हणे. आम्ही सगळ्यांनी कोड उलटापालटा केला. मी तर वजनाचा अख्खा भाग नव्याने लिहायला घेतला.

रूपाली एसटीने कारखान्यावर गेली आणि दिवसभर काट्याशेजारच्या टपरीवर बसून राहिली. दुसऱ्या दिवशी येऊन म्हणाली, "कोडमध्ये काही नाही. बग चहाला उतरतोय."

भरलेली गाडी काट्यावर यायची तेव्हा ड्रायव्हर आत बसलेला. तीच गाडी रिकामी होऊन वजनाला आली की पठ्ठ्या ती काट्यावर उभी करून टपरीवर! म्हणजे ड्रायव्हरचं वजन उसात जमा. मी लिहिलेला तो नवा भाग अजून माझ्याकडे आहे, कुणाला हवा असेल तर न्या.

*

ती सीनियर झाली तशी सगळी किचकट कामं तिच्याकडे जायला लागली. तिलाही ते आवडायचं, का नाही आवडणार? मग लग्न होऊन ती शिराळ्याची सून झाली आणि नागपंचमीला सासरी गेली. इकडे नवीन व्हर्जन चढवायचं होतं, आणि ते कसं चढवायचं हे फक्त तिच्या डोक्यात.

आम्ही फोन लावला. मिरवणूक ऐन रंगात आलेली. ढोलांच्या दणदणाटात ती एकेक पायरी ओरडून सांगतेय, आणि तिच्या सासूबाई शेजारून विचारतायत की कुणाला एवढी रागावतेस. काम झालं. मॅडम परत आल्यावर आम्ही पेढे आणले.

आमचे आण्णा फौजेतून सुभेदार होऊन रिटायर झालेले. ऑफिसची सगळी व्यवस्था तेच बघतात. त्यांनी पेढा घेतला आणि म्हणाले, "पोरी, तू सुट्टीवर गेलीस आन् चौकी बंद पडली. फौजेत ह्याला शाबासकी न्हाई मिळत."

तिला ते लय लागलं.

*

त्यानंतरच्या सोमवारी तिने ऑफिसात पैरा लावला.

ज्यांना शेती ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगतो. आज सगळे मिळून तुमच्या रानात राबणार, उद्या सगळे माझ्या रानात. पैशाचा व्यवहार नाही, आणि ज्याचं रान त्याने जेवण आणायचं. आमच्याकडे प्रत्येकाचा कोड दुसऱ्याने तपासायचा नियम होता, पण तपासायला वेळ कुणाला? रूपाली म्हणाली, आता रोज एकाचं रान. त्याचा कोड सगळ्यांनी बसून वाचायचा, आणि तो कसा चालतो हे शेवटी दुसऱ्यानेच समजावून सांगायचं.

मेढ्याचा प्रसाद नवीन होता, घाबरायचा. त्याच्या पाळीला त्याच्या आईने नाचणीच्या भाकरी आणि झुणका पाठवला. आम्ही भाकरी मोडत त्याच्या चुका काढत बसलो होतो, तेवढ्यात पुण्याचे साहेब व्हिडिओवर आले. हे काय चाललंय, त्यांनी विचारलं. प्रसादने भाकरी पाठीमागे लपवली. रूपाली शांतपणे म्हणाली, "भांगलण, सर. तण काढतोय."

वर्षभरात असं झालं की कुणीही सुट्टीवर जावं आणि कुणाला फोन करायला लागू नये. मी तर गावची जत्रा पहिल्यांदा निवांत केली. एवढं मोठं काम एखाद्या माणसाने इतकं न बोलता केलेलं मी दुसरीकडे पाहिलेलं नाही.

*

आणि मग ती प्रिन्सिपल इंजिनिअरच्या, म्हणजे कोड न सोडता मिळणाऱ्या सगळ्यात वरच्या जागेच्या, मुलाखतीला पुण्याला गेली, आणि नापास होऊन आली!

कारण काय, तर वर्षभरातल्या मोठ्या कामांवर सगळ्यांची नावं आहेत, तुमचं कुठाय? वर हेही सांगितलं, की पुढच्या वेळी जमलं नाही तर तुम्हाला मॅनेजर करून पुण्याला घेऊ. म्हणजे कोड बंद. हजेऱ्या, मीटिंगा आणि बजेट.

बसमधून उतरली तेव्हा तिचे डोळे सुजलेले होते. मला म्हणाली, "मला कोड सोडायचा न्हाई रं. दुसरं काय मागितलं मी?" ती रडवेली झाली की आटपाडी बाहेर येते.

मला इतका राग आला की काय सांगू. मी म्हणालो, मग घे एक मोठं काम आणि टाक स्वतःचं नाव. तिने खरंच प्रसादकडचं नव्या कारखान्याचं काम काढून घेतलं. दुसऱ्या दिवशी सकाळी प्रसाद नेहमीसारखा लवकर आला आणि काही न उघडता नुसता बसून राहिला. रूपालीने ते पाहिलं. चहाच्या आधी काम त्याच्याकडे परत! मी कपाळाला हात लावला.

*

दुसरी मुलाखत साताऱ्यातच झाली. पुण्याचे साहेब आणि आणखी दोघे आले. सहकाऱ्याचं मत म्हणून मलाही आत बसवलं होतं. हंगाम नुकताच सुरू झालेला.

पहिलाच प्रश्न झाला आणि रूपालीचा फोन थरथरला. कारखान्याचा नंबर. पुन्हा थरथरला. दार उघडून आण्णा आत डोकावले. काट्यावरचं सगळं थांबलंय, गाड्यांची रांग पार रस्त्यापर्यंत गेलीय म्हणाले.

मी मनात म्हटलं, देव पावला! आता ही उठेल, साहेबांच्या समोर दुरुस्त करील, आणि विषय संपेल.

रूपालीने फोन पालथा ठेवला.

"घ्या की," साहेब म्हणाले. "आम्ही थांबतो."

"नको सर. बाहेर आहेत सगळे."

मी अर्धवट उठलो. तिने नुसता हात दाखवून मला बसवलं आणि पुढचा प्रश्न विचारा म्हणाली. ती उत्तरं देत राहिली, आणि साहेब ऐकायचं सोडून त्या पालथ्या फोनकडे बघत राहिले. थोड्या वेळाने आण्णा पुन्हा डोकावले. गाड्या हलल्या म्हणाले.

"कोणी केलं?" साहेबांनी रूपालीला विचारलं.

"माहीत नाही, सर."

"बरं, बिघडलं काय होतं?"

"तेही विचारावं लागेल."

साहेबांनी चष्मा काढला. "आणि तुम्ही आज ऑफिसात नसताच, तर?"

"हेच झालं असतं, सर."

संपलं, मी मनात म्हटलं. पुणं पक्कं.

साहेबांनी खुर्ची पुढे ओढली. "मॅडम, हे कसं केलंत ते आता सावकाश सांगा," ते म्हणाले. "घाई नाही, आम्ही जेवूनच जाऊ."