दुसरा गोल मी संडासातून केला

फुटबॉलच्या महिला आशियाई चषकाला भारताची टीम गेली ती माझ्यामुळे. विश्वास बसत नसेल तर लालबागला आमच्या चाळीत येऊन दुसऱ्या मजल्यावर कोणालाही विचारा.

पात्रता फेरीची शेवटची मॅच होती. जिंकणारा संघ चषकाला जाणार, हरणारा घरी. आमच्या दहा बाय बाराच्या खोलीत टीव्हीसमोर सत्तर माणसं तरी असतील. सगळ्यांत पुढे माझी पुतणी, परळच्या मैदानावरची गोलकीपर. मी बादली उचलून गॅलरीच्या टोकाच्या संडासात गेलो, आणि नेमका तेव्हाच आपला गोल झाला. धावत येऊन खुर्चीला टेकलो, तर समोरच्यांनी बरोबरी केली.

सत्तर माना माझ्याकडे वळल्या.

“काका, बादली उचल,” पुतणी म्हणाली.

“अगं, आत्ताच जाऊन आलो.”

“टीमला गरज आहे. जा.”

शेजारच्या वहिनींनी तर बादली भरूनच हातात दिली.

कडी लावून अर्धा तास उभा होतो. डास एवढे मोठे, की चार जणांनी मिळून मला काळाचौकीला नेऊन सोडलं असतं. मग चाळ अशी हादरली, की छताचं प्लास्टर माझ्या डोक्यावर आलं. पुतणी दारावर धडकली.

“काका, दुसरा गोल. पाच मिनिटं राहिलीत. बाहेर येतोस का?”

“वेडी आहेस का?” मी आतून म्हणालो. “शिट्टी वाजू दे.”

शिट्टी वाजली आणि मला खांद्यावर घेऊन गॅलरीतून मिरवलं, बादलीसकट.

आता मुख्य स्पर्धेसाठी चाळीने त्या संडासात नवा पंखा बसवलाय.