वडलांना समुद्रानं ओढलं तेव्हा

त्या दुष्काळात गावातली जनावरं चारा छावणीत होती आणि दूध संघाच्या सोसायटीत दुधापेक्षा माश्याच जास्त येत. वडील सोसायटीचे सचिव. काम नाही म्हणून संघानं सगळ्या सचिवांची सपत्नीक अभ्यास सहल कोकणात काढली. मी तेव्हा नववीत होते. मला चुलतीकडं ठेवून आई-वडील गेले.

तिथं समुद्रात उभं राहून वडील उगवत्या सूर्याला हात जोडत होते. मागून लाट आली, पाय सुटले, आणि ते आत ओढले जाऊ लागले. बाहेर आल्यावर काठावरच्या कुणीतरी त्यांचा फोटो काढला. दुसऱ्या दिवशी पेपरात छापून आलं: ‘दुष्काळी भागातला शेतकरी समुद्रात बुडता बुडता वाचला.’ फोटोत वडील आईची शाल कमरेला गुंडाळून बसलेले. धोतर समुद्रानं ठेवून घेतलं होतं.

परतीच्या वाटेवर मांजरसुंब्याच्या धाब्यावरच वेटरनं त्यांना ओळखलं. “शालवाले काका तुमीच का?”

आमच्या चकलांब्यात बस थांबली तेव्हा निम्मं गाव स्टँडवर. पुढचे आठ दिवस घराला जत्रेचं रूप आलं. पाव्हणे, शिक्षक, तलाठी, शेजारच्या गावचे अनोळखी लोक. सगळ्यांचा पहिला प्रश्न एकच, “पाणी लई होतं का?”

“लई म्हंजे? नजर पुरंना!” वडील सांगायचे. पहिल्या दिवशी लाट गुडघ्याएवढी होती. गुरुवारपर्यंत ती साखर कारखान्याच्या धुराड्याला टेकली. एका म्हाताऱ्यानं विचारलं, “एवढं पाणी हाय, मग टँकर तिथून कावून भरत न्हाईत?” त्यावर वडलांनी सरकारला बराच वेळ दोष दिला.

टँकर चार दिवसांतून एकदा यायचा आणि आमच्या रांजणाचा चहा होत होता. शेवटी आईनं दारातच सांगायला सुरुवात केली, “बसा की. पण ज्यानं त्यानं आपला पाण्याचा तांब्या घेऊन यायचा.” लोक खरंच तांब्या घेऊन आले. एक जण कळशी घेऊन आला, म्हणाला, “मला सगळं पयल्यापासून ऐकायचंय.”

मग सोसायटीनं वडलांचा सत्कार ठेवला. चेअरमननी वडलांना ‘मृत्यूशी झुंजलेला सहकारी’ म्हटलं. हार घातल्यावर आईलाही माइकपाशी ढकललं, “वहिनी, दोन शब्द बोला.”

आईनं पदर सावरला. “लाट हितपत होती,” तिनं पोटरीला हात लावला. “हे बसले का पडले, ते मला न्हाई ठावं. पर तोंडात वाळू गेलती अन् डोळे पांढरे केलते. मी धोतर धरलं, ते सुटलं. मग कॉलर धरली. ती नवी होती म्हणून टिकली.”

मंडप हसून कोसळायचा राहिला. मी वडलांकडं बघितलं. वाटलं, आता उठून जातील. ते उठले, पण माइककडं गेले.

“खरंय तिचं,” ते म्हणाले. “आपल्याकडं माणूस पाणी वढतोय. तिथं पाणीच माणसाला वढतंय, हे मला आधी कुनी सांगितलंच न्हाई. लई भ्यालो मी.”

हसू थांबलं. मग वडलांनी गळ्यातला हार काढून आईच्या गळ्यात घातला. आई एवढी लाजली, की पुढचे दोन दिवस ती त्यांच्याशी बोललीच नाही.